हत्तीला पाठ फिरवता येते का?

ताई, दिवाळीच्या सुट्टीत आम्ही थायलंडला निघालोय. दोन दिवस बँकॉक, मग चार दिवस चिआंग माई. मी, नवरा, नऊ वर्षांची मुलगी आणि सासूबाई. एजंटच्या कार्यक्रमात एक दिवस ‘एथिकल एलिफंट सँक्चुअरी’ आहे: हत्तींना केळी भरवणे, त्यांच्याबरोबर चिखलात लोळणे, नदीत आंघोळ घालणे. लेक महिनाभर फक्त त्याच दिवसाबद्दल बोलतेय. गेल्या वर्षी जाऊबाई जाऊन आल्या, त्यांचा हत्तीवर पाणी उडवतानाचा फोटो अजून स्टेटसला फिरतो. पण मध्ये मी कुठेतरी वाचलं की आंघोळ घालणंही हत्तींसाठी बरं नसतं. घरात बोलले, तर नवरा म्हणाला, “अगं, नावातच सँक्चुअरी आहे. आता काय हत्तीला विचारून जायचं का?” सासूबाई म्हणतात, गजराजाला आपल्या हाताने केळं द्यायला मिळालं तर त्याहून पुण्य कोणतं? मी एकटीच नाट लावतेय असं झालंय. जायचं की रद्द करायचं? आणि लेकीला काय सांगू?
– खडूस आई, ठाणे

खडूस आई (सही तुमचीच, म्हणून म्हणते),

तुमच्या यजमानांनी चेष्टेत जे विचारलं ना, तोच खरा प्रश्न आहे. हत्तीला विचारूनच जायचं. अर्थात हे त्यांना लगेच सांगू नका, वर्षभर ऐकवतील.

आता ‘विचारायचं’ म्हणजे काय, तर एवढंच बघायचं: माणसं समोर आली आणि हत्तीला कंटाळा आला, तर त्याला पाठ फिरवून झाडामागे निघून जाता येतं का? जिथे जाता येतं ती जागा बरी. जिथे त्याला तुमची वेळ संपेपर्यंत उभंच राहावं लागतं, तिथे पाटीवर काहीही लिहिलेलं असो. ‘सँक्चुअरी’ हा शब्द कुणीही रंगवून लावू शकतो. आपल्याकडे नाही का, चार खोल्या आणि एक आंब्याचं झाड असलं की ‘अ‍ॅग्रो टुरिझम’ होतं.

हा धंदा आला कुठून ते थोडं सांगते, म्हणजे बाकीचं कळेल. थायलंडमध्ये पाळीव हत्तींचं मुख्य काम होतं सागवानाचे ओंडके ओढायचं. नोव्हेंबर १९८८ मध्ये तिथल्या दक्षिण भागात भयंकर पूर आला. झाडं तोडून उघडे पडलेले डोंगर खचले, चिखल आणि ओंडके गावांवर येऊन आदळले, शेकडो माणसं गेली. जानेवारी १९८९ मध्ये सरकारने जंगलतोडीवर बंदी घातली. जंगलाचं भलं झालं, पण हत्ती आणि त्यांचे माहूत बेकार झाले. मोठा हत्ती दिवसाला दीडशे किलोपर्यंत चारा खातो. तो आणायचा कुठून? काही जण हत्ती घेऊन बँकॉकच्या रस्त्यांवर भीक मागत फिरले आणि बरेचसे पर्यटनात आले. आज तिथे तीन हजारांहून जास्त पाळीव हत्ती आहेत. कायद्याच्या लेखी ते बैल, म्हशी, घोडे यांच्याच रांगेत बसतात, ओझ्याच्या जनावरांसाठी १९३९ साली केलेल्या कायद्याखाली. जंगली हत्तीला वेगळा कायदा, पाळीवाला वेगळा.

सुरुवातीला पाठीवर लोखंडी खुर्ची असायची आणि खुर्चीत दोन-तीन माणसं. हत्तीच्या पाठीचा कणा घोड्यासारखा सपाट नसतो, मणक्यांची टोकं वर आलेली असतात. त्यावर दिवसभर ओझं म्हणजे काय होत असेल, ते ज्याची कंबर धरते त्याला सांगायला नको. परदेशी पर्यटक यावर नाकं मुरडायला लागले, तशी बऱ्याच ठिकाणची खुर्ची उतरली आणि तिच्या जागी बादली आली. फेरी बंद, आंघोळ सुरू. हत्ती तेच, माहूत तेच, फक्त पाटी नवीन. हत्तीचे दाखवायचे दात वेगळे, ही म्हण इथे हत्तीला नाही, पाटीला लागू पडते.

तुम्ही म्हणाल, आंघोळीत काय वाईट? हत्तीला पाणी आवडतंच की. आवडतं, पण त्याला हवं तेव्हा. हत्ती पाण्यातून बाहेर आला की पहिलं काम काय करतो, तर सोंडेने माती उचलून अंगावर उडवतो. उन्हापासून आणि माशा-डासांपासून तेच त्याचं संरक्षण. आता कॅम्पचं वेळापत्रक बघा: सकाळची बॅच, दुपारची बॅच, संध्याकाळची बॅच. प्रत्येक बॅचला चिखल, मग नदी, मग फोटो. म्हणजे त्या हत्तीणीने अंगावर माती घेतली रे घेतली की पुढची बॅच हातात ब्रश घेऊन उभी. आपल्याला दिवसातून तीनदा अनोळखी माणसांनी अभ्यंग घातलं तर, दिवाळी असली तरी, तिसऱ्यांदा आपण ओरडूच.

शिवाय दुसरी गोष्ट आहे. तीन-चार टनांचं जनावर अनोळखी माणसांच्या घोळक्यात निमूट उभं राहतं, ते आपोआप नाही. पिल्लाला आईपासून तोडून, लाकडी चौकटीत आवळून, उपाशी ठेवून, मारून त्याची जिद्द मोडायची एक जुनी पद्धत तिथे आहे, तिला ‘फाजान’ म्हणतात. सगळीकडे ती तितक्याच क्रूरपणे होते असं मी म्हणणार नाही, पण माणसाच्या धाकाशिवाय असा हत्ती तयार होत नाही. आणि धाक कधीतरी सुटतो. जानेवारी २०२५ मध्ये दक्षिण थायलंडमधल्या अशाच एका केंद्रात हत्तीणीला आंघोळ घालताना एक बावीस वर्षांची स्पॅनिश मुलगी तिच्या सोंडेच्या तडाख्याने गेली. ही बातमी लेकीला सांगू नका. यजमानांना मात्र जरूर सांगा.

मी हे सगळं शहाणपण घेऊन जन्माला आलेले नाही. पंधरा-सोळा वर्षांपूर्वी केरळात एका कॅम्पमध्ये मी माझ्या मुलाला घेऊन हत्तीवर बसले होते. वीस मिनिटांची फेरी. हत्तीच्या डोक्यावरचे केस नारळाच्या काथ्यासारखे राठ असतात, ते पोटऱ्यांना टोचत होते आणि आम्ही दोघं हसत होतो. मग कान हलला आणि त्यामागे बोटाएवढा ओला व्रण दिसला, त्यावर माशा. माहुताच्या अंकुशाचं टोक बरोबर तिथेच टेकत होतं. मुलाने विचारलं, “आई, याला लागलंय का?” मी म्हटलं, “नाही रे, हत्तीची कातडी जाड असते.” कातडी जाड असते हे खरं. पण त्याच कातडीवर माशी बसली तरी हत्तीला कळतं, म्हणून तर तो शेपटी हलवतो. पैसे भरून झाले होते आणि मला खाली उतरायचं नव्हतं, एवढंच.

म्हणून जाऊबाईंना काही सुनवायला जाऊ नका. त्यांनीही ‘एथिकल’ हा शब्द वाचूनच पैसे भरले असणार. तो फोटो त्यांच्या स्टेटसवर राहू दे.

आणि माहुतालाही खलनायक करू नका. तिथले बरेच माहूत करेन समाजातले, डोंगरातल्या गावांचे. कुणाचा हत्ती स्वतःचा, कुणाचा भाड्याचा. २०२० मध्ये कोविडने पर्यटक बंद झाले, तेव्हा कॅम्पना चारा परवडेना. त्या वेळी शंभरावर हत्ती त्यांच्या माहुतांबरोबर चिआंग माईच्या आसपासच्या कॅम्पमधून चालत, काही दीडशे किलोमीटरपर्यंत, मे चेमकडच्या आपापल्या गावी परतले. आपल्याकडे त्याच दिवसांत महामार्गांवरून माणसं चालत होती ना, तसेच. तेव्हा ‘पर्यटकांनी जाऊच नये’ हे उत्तर मला पटत नाही. या हत्तींना सोडायला आता मोकळं जंगल उरलेलं नाही. त्यांचं पोट तुमच्या-माझ्या तिकिटावरच भरणार. प्रश्न फक्त तिकीट कोणत्या खिडकीवर काढायचं, हा.

म्हणून माझं म्हणणं: जा, पण आधी एजंटला धरा. कार्यक्रमात जागेचं नाव लिहिलंय का बघा. नुसतं ‘एलिफंट सँक्चुअरी, हाफ डे’ असं असेल, तर नाव लेखी मागा. नाव सांगायला जो कां-कूं करतो, त्याचं कमिशन कुठून जास्त मिळतं हे अजून ठरायचं असतं. नाव मिळालं की विचारा: पाठीवर बसवतात का? आंघोळ घालायला लावतात का, आणि दिवसात किती बॅचेस? हत्ती चित्र काढतो, फुटबॉल खेळतो, असं काही आहे का? पिल्लं आहेत का, आणि असली तर ती कुठून आली? हा शेवटचा प्रश्न मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. पिल्लू म्हणजे गर्दीला लोहचुंबक, आणि जिथे सोडवून आणलेले म्हातारे हत्ती सांभाळतो म्हणतात तिथे दरवर्षी नवीन पिल्लू कसं दिसतं, हे विचारायलाच हवं. हत्तीणीला बावीस महिने गाभ वागवावा लागतो, ते काही चुकून झालेलं नसतं.

मग त्या जागेचे पर्यटकांनी टाकलेले फोटो बघा, कॅम्पने टाकलेले नव्हे. हसरे चेहरे सोडून मागची बाजू बघायची. माहुताच्या हातात काय आहे? अंकुश नसेल तरी मूठ आवळलेली आहे का? कधीकधी मुठीत खिळा लपवलेला असतो. पुढच्या पायात आखूड साखळी आहे का? साखळी दिसली की लगेच सगळं वाईट असं नाही. रात्री हत्ती शेजारच्या मक्यात शिरू नये म्हणून चांगल्या ठिकाणीही त्यांना आवारात बंद करतात किंवा लांब साखळीने बांधतात. पण भर दिवसा, सिमेंटवर, हातभर साखळी म्हणजे तिथून निघा. एक तारा देणारे अभिप्राय आधी वाचा. पाच तारे बहुतेक वेळा जेवणाला आणि गाइडला दिलेले असतात.

व्हिडिओ असला तर आणखी एक गोष्ट. हत्ती एकाच जागी उभा राहून, डोकं वर-खाली किंवा अंग डावीकडे-उजवीकडे, घड्याळाच्या लंबकासारखं हलवत असतो. पर्यटक म्हणतात, बघा कसा नाचतोय. तो नाचत नसतो. बांधून घातलेल्या, एकट्या पडलेल्या जनावराची ती लागलेली खोड असते. आपण श्रीमंतीचं वर्णन करताना किती सहज म्हणतो, दारी हत्ती झुलत होते! मला ते हल्ली लिहवत नाही.

तुम्ही चिआंग माईला चाललाय, तर एक नाव सांगते: एलिफंट नेचर पार्क. शहरापासून साधारण साठ किलोमीटर उत्तरेला, मे तेंग नदीच्या खोऱ्यात. सेंगदुआन चैलर्ट या बाईंनी नव्वदच्या दशकात हे सुरू केलं. चणीने लहान, म्हणून सगळे त्यांना ‘लेक’ म्हणतात. थाई भाषेत लेक म्हणजे छोटी. तुमच्या लेकीला हे सांगा, खूश होईल. तिथे शंभरावर हत्ती आहेत: ओंडक्यांच्या कामात कंबर मोडलेले, सुरुंगावर पाय पडलेले, आंधळे झालेले. पाठीवर बसायचं नाही, आंघोळ घालायची नाही. हत्ती आपले फिरतात आणि तुम्ही अंतर राखून बघता. एका दिवसाला खुर्चीवरच्या फेरीपेक्षा जास्त पैसे पडतात, आणि करायला काहीच मिळत नाही, अशी तक्रार तुमचे यजमान करतील. करू दे. जेवण शाकाहारी असतं. थायलंडमध्ये चार दिवस ‘यात फिश सॉस आहे का’ विचारून दमलेल्या सासूबाई त्या दिवशी तरी पोटभर जेवतील.

सासूबाईंचा मुद्दा मात्र हसण्यावारी नेऊ नका. गजराजाला हाताने केळं देण्यात त्यांना जे वाटतं ते खरं आहे. कोल्हापूरकडच्या लोकांना विचारा. जुलै २०२५ मध्ये उच्च न्यायालयाच्या आदेशाने, आणि सर्वोच्च न्यायालयानेही तो कायम ठेवल्यावर, नांदणी मठाची माधुरी हत्तीण जामनगरला, अंबानींच्या वनतारा या प्राणी-केंद्रात गेली. त्या रात्री गावंच्या गावं रस्त्यावर येऊन रडली आणि नंतर लोकांनी रागाने अंबानींच्याच जिओची सिमकार्डं बदलली. ते प्रेम खोटं होतं असं म्हणायची माझी छाती नाही. पण तीस-पस्तीस वर्षं एकटी राहिलेली हत्तीण, आणि हत्ती म्हणजे कळपात आयुष्य काढणारं जनावर, हेही खरंच होतं. दोन्ही खरं असलं की माणूस गप्प होतो. मी तरी झाले.

सासूबाईंना एक विचारून बघा, वादासाठी नाही, सहज. बाप्पाच्या चार हातांत काय काय असतं? पाश, अंकुश, मोदक, आणि चौथा आशीर्वादाचा. हत्तीला आवरायची दोन्ही हत्यारं हत्तीचं तोंड असलेल्या देवाने स्वतःच्या हातात घेतलीत. याचा अर्थ शास्त्री काय सांगतात ते सांगोत, माझ्या आजीचा अर्थ सोपा होता: “त्याचा अंकुश त्याच्याच हाती बरा.” आणि केळ्याचं म्हणाल, तर काही कार्यक्रमांत हत्तींचं खाणं चिरून टोपल्या भरायला मदत करू देतात, बुकिंग करताना विचारून घ्या. कलिंगडं आणि भोपळे चिरायला सासूबाईंइतका सरावाचा हात त्यांना तरी कुठे मिळणार?

आता लेक. तिला ‘नाही’ एवढंच सांगितलंत तर ती रडेल, आणि तिचं बरोबर असेल. तिला गोष्ट सांगा. जोकिया नावाची हत्तीण लाकडाच्या कामात इतकी छळली गेली की तिचे दोन्ही डोळे गेले. तिला या पार्कात आणलं, तेव्हा मे पर्म नावाची म्हातारी हत्तीण तिच्याजवळ आली, सोंडेने तिला चाचपलं आणि पुढे कितीतरी वर्षं तिची काठी बनून राहिली. जोकिया एकटी पडून हाक मारायची, की मे पर्म असेल तिथून धावत यायची. मे पर्म आता नाही. पण एका हत्तिणीची दुसरीशी अशी मैत्री बघायची, तर माणसांनी मधून बाजूला व्हावं लागतं, हे नऊ वर्षांच्या मुलीला कळतं. मोठ्यांना वेळ लागतो. तिला एक वही आणि जमलं तर साधी दुर्बीण द्या. एकच हत्ती निवडायला सांगा आणि तासभर तो काय करतो ते लिहायला लावा: किती वेळा माती उडवली, कुणाशेजारी उभा राहिला, कुठल्या झाडाला अंग घासलं, तिच्याकडे कितीदा बघितलं. शेवटच्या रकान्यात बहुधा शून्य येईल. ते शून्यच मला पत्रात कळवा.

पाण्यात खेळायची हौस राहिलीच, तर हॉटेलचा तलाव आहे.

फुकेतला जाणाऱ्यांसाठी: तिथेही २०१६ पासून फुकेत एलिफंट सँक्चुअरी आहे, नुसतं बघण्यावर चालणारं. आणि विमानाचं तिकीट काढायचं नसेल, तर दिल्ली-आग्र्याच्या वाटेवर मथुरेजवळ वाइल्डलाइफ एसओएस या संस्थेचं हत्तींचं केंद्र आहे. साखळदंडात पन्नास वर्षं काढलेला राजू हत्ती २०१४ मध्ये सुटून तिथेच आला. ताजमहालच्या सहलीत अर्धा दिवस सहज बसतो, फक्त आधी वेळ ठरवून जावं लागतं. गोव्यात मसाल्यांच्या बागेत जेवणाआधी हत्तीच्या सोंडेने अंगावर पाणी उडवून घ्यायचा जो प्रकार असतो, त्याला मात्र वर सांगितलेलं सगळं जसंच्या तसं लागू.

एजंटने आगाऊ पैसे घेतलेत, ते बुडतील ही भीती असेल. असे दिवसाचे कार्यक्रम बहुधा तिथल्या एजंटमार्फत वेगळे बुक होतात आणि अजून महिना हातात असेल तर बदलून मिळतात. थोडं नुकसान झालंच तर सोसा, यजमानांचं तोंड मी सांभाळते, हे सदर त्यांना वाचायला द्या. जाताना सगळ्यांना जुने बूट घालायला सांगा, वाट चिखलाची असते. सासूबाईंचे गुडघे दुखत असतील, तर किती चालावं लागेल ते बुकिंगच्या वेळी आधीच विचारा.

आणि हे आजच करा. दिवाळीनंतरच्या त्रिपुरी पौर्णिमेच्या सुमारास चिआंग माईत लोय क्रथोंग आणि यी पेंग हे दिव्यांचे सण असतात, त्या आठवड्यांत अख्खं शहर भरतं आणि पार्कातल्या जागाही आधीच संपतात.